'कमांडोज : ओरिजिन्स' या व्हिडिओ गेममध्ये वेळ थांबवता येते, हे योग्य आहे का?

गस्तवाला : 1998 मध्ये माद्रिदच्या पायरो स्टुडिओजचा पहिला 'कमांडोज' आला, दुसऱ्या महायुद्धात शत्रूच्या गोटात लपूनछपून मोहिमा करायचा खेळ. पहिली मोहीम नॉर्वेतली, आपली माणसं तीन. शत्रूच्या शिपायाची नजर नकाशावर हिरव्या पंख्यासारखी फिरायची. जवळच्या फिकट पट्ट्यात काहीही केलं तरी दिसायचं, लांबच्या गडद पट्ट्यातून मात्र सरपटत निसटता यायचं. एका वेळी एकाच शिपायाची नजर बघायला मिळायची, बाकीच्यांची गस्त डोक्यात ठेवायची. वेळ कुणासाठी थांबत नव्हती आणि एकही माणूस गेला की मोहीम संपली. 2025 च्या 'ओरिजिन्स'मध्ये कमांड मोड आहे. खेळ थांबवा, प्रत्येकाला चाल नेमून द्या, मग सगळ्यांकडून एकदम करून घ्या. माझ्या मते खेळाचा जीवच काढून घेतलाय.

सुरुंगतज्ज्ञ : अजिबात पटलं नाही. जुन्या खेळात सगळे दर अर्ध्या मिनिटाला सेव्ह करायचे, फसलं की लोड. ते वेळ थांबवणंच होतं, फक्त जास्त कंटाळवाणं. आणि तेव्हा खेळायचो कसे ते आठवा. ग्रीन बेरे, म्हणजे तुकडीतला सगळ्यात दणकट कमांडो, एकटा अर्धा नकाशा साफ करायचा, बाकीचे कोपऱ्यात आडवे पडून. दोघांना एकाच क्षणी हलवणं हाताला जमतच नव्हतं. नाव तुकडीचं, खेळ एकट्याचा! कमांड मोडमुळे ही खरी तुकडी झाली.

गस्तवाला : सेव्ह-लोडमध्ये चूक आधी भोगावी लागते. भोंगा वाजतो, बराकीतून शिपाई धावत येतात, कुठे चुकलं ते कळतं. थांबवून आखलेल्या चालीत ती धडधड नाही.

जुनाखेळाडू : तुम्ही दोघं निदान नव्या खेळावर भांडताय. खरं नुकसान 2020 च्या 'कमांडोज 2'च्या एचडी आवृत्तीने केलं. 2001 चा मूळ खेळ या मालिकेतला सर्वोत्तम. घरात शिरता यायचं, कॅमेरा फिरवता यायचा. त्याला नुसता रंग दिला, नाझी चिन्हं पुसली आणि वर बग ठेवले. त्यापेक्षा चाहत्यांनी फुकट केलेला 'डेस्टिनेशन पॅरिस' मॉड, म्हणजे मूळ खेळात बदल करून बनवलेली आवृत्ती, कितीतरी मनापासून केलेला आहे.

सुरुंगतज्ज्ञ : एचडीबद्दल सहमत. म्हणूनच 'ओरिजिन्स'ची बाजू घेतोय. जुन्यावर रंग न मारता नव्या मोहिमा दिल्या, शिवाय एकाच स्क्रीनवर दोघांना खेळता येतं. गस्तवाला, थांबवणं ऐच्छिक आहे. नको असेल तर बटण दाबू नका.

गस्तवाला : इथेच अडतंय. ते बटण आहे हे धरूनच नकाशे आखलेत. पहारेकरी एकमेकांच्या नजरेत असे उभे केलेत की दोघा-तिघांना एकाच क्षणी पाडावं लागतं. पहिल्या खेळात थांबून, बघून, एकेकाची पाठ फिरेपर्यंत वाट बघता यायची. बटण न दाबता ती वाट परत मिळत नाही.

सुरुंगतज्ज्ञ : मिळते, पण सगळ्या नकाशांवर नाही. तेवढं मान्य.