‘कोरोनेट मेडुसा’ला मराठीत काय म्हणावं? (‘कोरोनाग्रस्त’ सोडून)

उपशीर्षकवाली, धरमपेठ

घरी बसून माहितीपटांची मराठी सबटायटलं करते. सध्या हातात खोल समुद्रावरचा तासाभराचा माहितीपट आहे. बाहेर पंचेचाळीस अंश, खिडकीत कूलर घरघरतोय, आणि पडद्यावर चार अंशांचं काळंकुट्ट पाणी. मोबदला बेताचाच, पण एवढी थंडी फुकट मिळतेय, चालायचंच.

अडचण अशी आहे. निवेदक एका गडद लाल जेलीफिशला तीनदा ‘कोरोनेट मेडुसा’ म्हणतो. मी ‘मुकुटधारी जेलीफिश’ लिहून दिलं. तपासणाऱ्याकडून फाइल परत आली तेव्हा तिन्ही ठिकाणी ‘कोरोनाग्रस्त जेलीफिश’! सोबत शेरा : ‘मूळ शब्दाशी जुळवून घेतले आहे.’ मास्क तेवढा लावायचा राहिला होता त्या बिचाऱ्याला.

हसून झालं, मग माझ्याच ‘मुकुटधारी’बद्दल शंका यायला लागली. फ्रेम थांबवून थांबवून पाहिलं, मुकुट कुठेच दिसत नाही. दिसते ती एक लाल बशी, तिच्या काठाला झालर, आणि मागे एकच लांबलचक धागा, बाकीच्यांपेक्षा कितीतरी मोठा.

तर जाणकारांनो, कोरोनेट हे एका जातीचं नाव आहे की गटाचं? खोलात राहणाऱ्या सगळ्यांनाच तसं म्हणतात का? आणि सरळ जेलीफिश न म्हणता निवेदक मेडुसा काहून म्हणतो? मला ओळीला ४२ अक्षरं मिळतात, ओळी दोन, आणि वाचायला साडेतीन सेकंद. सोमवारी सकाळी पाठवायचं आहे.

तर्रीपोहे

ताई, एवढं टेन्शन काहून घेऊन राहिल्या? जेलीफिश लिहा न् मोकळ्या व्हा. सीताबर्डीवर कोणालेही विचारा, कोरोनेट म्हटलं तर तो म्हणन नवीन लस आली वाटते. तसाही समुद्र पाहाचा तर आपल्याले समृद्धीवरून ७०१ किलोमीटर जा लागते, कोण येऊन राहिलं तपासाले?

बाकी २०१८ च्या ऑगस्टमध्ये जुहूले लोकायले डसले होते, हेच का ते?

निवृत्त झूलॉजी मास्तर

पस्तीस वर्षं हाच विषय शिकवला, त्यामुळे राहवत नाही. आधी तर्रीपोहे यांचं : जुहूला आल्या त्या ‘ब्लू बॉटल’. निळ्या फुग्याच्या, पाण्यावर तरंगणाऱ्या. त्या सायफोनोफोर, म्हणजे एक प्राणी नसून अनेक जीवांची जुळलेली वसाहत. खरे जेलीफिशच नाहीत, कोरोनेट तर दूरच. त्यांचा इथे संबंध नाही.

आता ताईंचा प्रश्न. कोरोनेटी हा जेलीफिशांचा एक गण आहे. जात नव्हे, कुलही नव्हे, त्याच्या वरची पायरी. फानह्योफेन या जर्मन प्राणिशास्त्रज्ञाने १८९२ मध्ये हे नाव दिलं. विषाणूला ‘कोरोना’ नाव मिळालं १९६८ मध्ये, सूक्ष्मदर्शकात त्याच्या कडेची झालर सूर्याच्या प्रभामंडळासारखी दिसली म्हणून. तेव्हा जुळवून घ्यायचंच असेल तर विषाणूने जेलीफिशशी घ्यावं. आपल्या जेलीफिशचा मान शहात्तर वर्षांनी मोठा आहे.

मुकुट दिसत नाही म्हणता, ते बरोबर आहे. लॅटिनमधला ‘कोरोना’ म्हणजे आपला राजाचा टोकदार मुकुट असं पहिल्यांदा मनात आणूच नका. डोक्याभोवती बांधलेली माळ, वेढा, हा त्याचा मूळ अर्थ. आपल्याकडच्या मुंडावळ्या जास्त जवळच्या. या गणातल्या जेलीफिशच्या छत्रीला चहूबाजूंनी एक खोल खाच असते, करकचून दोरी बांधल्यासारखी. ती ‘कोरोनल’ खाच. गणाची ओळख तिच्यावरून.

वर्गात मी तांब्या उपडा ठेवायचो. तळ वर आला, तो छत्रीचा घुमट. मग गळ्याशी तांब्या आत जातो, ती खाच. त्याखाली काठ पुन्हा बाहेर फाकतो. त्या फाकलेल्या भागात कळ्यांच्या घागऱ्यासारखे जाड जाड उभे कप्पे कल्पा, आणि अगदी कडेला पाकळ्यांची झालर. दोन पाकळ्यांच्या बेचक्यांतून धागे निघतात. तुमच्या पडद्यावरची बशी म्हणजे हाच तांब्या, फक्त ठोकून चपटा केलेला. एकच धागा फार लांब आहे म्हणता आणि रंग गडद लाल, म्हणजे तो अ‍ॅटोला असणार.

पुढचं मुद्दाम सांगतो, कारण इथेच लोक घसरतात. ‘कोरोनेट’ हा शब्द बांध्याचा आहे, पत्त्याचा नाही. बरेचसे कोरोनेट खोलात राहतात हे खरं, पण लिन्युके नावाचा त्यांचाच भाऊबंद कॅरिबियन समुद्रात पृष्ठभागावर थव्याने तरंगतो. शिंप्याच्या अंगुस्तानाएवढा असतो आणि इंग्रजी नावही अंगुस्तानावरूनच आहे. त्याच्या पिल्लांमुळे पोहणाऱ्यांच्या अंगावर पोहण्याच्या कपड्यांखाली पुरळ उठतं. म्हणून ‘कोरोनेट’चं भाषांतर ‘खोल समुद्रातला’ असं करू नका. खोलीसाठी वेगळा शब्द वापरा.

उपशीर्षकवाली

सर, स्वयंपाकघरातून खरंच तांब्या आणून उपडा ठेवला टेबलावर. आता ती खाच दिसतेय! तिन्ही फ्रेममध्ये आहे, मीच झालरीकडे बघत बसले होते.

मेडुसाचं राहिलं तेवढं सांगा. आणि सासूबाई विचारताहेत, पाण्यात राहून एवढा लाल कशाला?

निवृत्त झूलॉजी मास्तर

जेलीफिश हा बाजारातला शब्द आहे, मेडुसा हा शरीराच्या रूपाचा. नाव ग्रीक कथेतल्या केसांच्या जागी साप असलेल्या बाईचं, प्राण्यांना लावलं लिनीअसने अठराव्या शतकात. या प्राण्यांच्या आयुष्यात बहुधा दोन रूपं असतात. एक तळाला चिकटून राहणारं, पॉलिप. दुसरं छत्री उघडमीट करत पोहणारं, मेडुसा. आम्ही मराठीत शिकवताना मेडुसाला छत्रिक म्हणायचो, मुलांना ते एका फटक्यात कळायचं.

कोरोनेटांमध्ये हा फरक करण्याला अर्थ आहे. त्यांच्यातल्या काहींचे पॉलिप कठीण नळीत राहतात. ते पहिल्यांदा सापडले तेव्हा हा वेगळाच प्राणी समजून त्याला स्टेफॅनोसायफस असं नाव दिलं गेलं. ग्रीक ‘स्टेफॅनॉस’ म्हणजेही मुकुट किंवा माळ! तेव्हा शास्त्रज्ञ ‘कोरोनेट मेडुसा’ म्हणतो ते शब्द फुगवायला नव्हे. ‘कोरोनेटांपैकी छत्रीवालं रूप’ असं त्याला म्हणायचं असतं. उलट पेरिफायला नावाच्या कोरोनेटात पॉलिप नसतोच, अंड्यातून थेट छत्रिक. नॉर्वेच्या काही फ्योर्डांमध्ये त्याने मोठी वस्ती केलेली आहे.

लाल रंगाचं : सूर्यप्रकाशातला तांबडा भाग पाणी सगळ्यांत आधी शोषून घेतं. खाली पोचतो तो निळा, आणि तिथले प्राणी स्वतः पाडतात तो उजेडही बहुधा निळाच. लाल अंगावर निळा उजेड पडला तर परत फिरत नाही. म्हणजे तिथे लाल म्हणजे काळा. तुम्हाला लाल दिसतो तो पाणबुडीच्या दिव्यामुळे. सासूबाईंना नमस्कार सांगा, वर्गात हा प्रश्न वर्षाला एखादाच विद्यार्थी विचारायचा.

एक रडगाणं गातो आणि थांबतो. आमच्या प्रयोगशाळेत जेलीफिशचा एकच नमुना होता, फॉर्मेलिनच्या बरणीत, रंग उडून साबुदाण्याच्या पेजेसारखा झालेला. एका दिवाळीच्या सुट्टीत साफसफाई निघाली आणि कोणीतरी ‘खराब पाणी’ म्हणून बरणी मोरीत ओतली. त्यानंतर निवृत्तीपर्यंत तांब्यावरच भागवलं.

मालवणी, सध्या मुक्काम बुटीबोरी

मास्तर, एक विचारू? ताईंचं वाचून मी ‘क्राउन जेलीफिश’ असं इंग्रजीत शोधलं. आलं ते भलतंच, जांभळट, डोक्यावर फुलकोबी ठेवल्यासारखं. खाच नाही, काही नाही. गावी आम्ही जाळ्यात आलेला जेलीफिश हातात धरायच्या फंदात पडत नाही, हात खाजून खाजून जीव जातो, त्यामुळे ओळख अशी नाहीच. पण तो तांब्या नक्की नव्हता.

निवृत्त झूलॉजी मास्तर

बरं झालं शोधलंत. तो सेफिया. उथळ, उबदार पाण्यातला, पूर्ण वेगळ्या गणाचा. डोक्यावरच्या उंचवट्यांमुळे इंग्रजीत त्यालाही क्राउन जेलीफिश म्हणतात. म्हणून ताई, नुसतं ‘मुकुट जेलीफिश’ लिहिलंत तर वाचणारा शोधायला जाईल आणि फुलकोबी घेऊन येईल. ‘मुकुटधारी’ चूक नाही, पण शास्त्रीय गणाचं नाव म्हणून ‘कोरोनेट’ असंच ठेवा आणि पहिल्या वेळी एक शब्द जोडा.

अजून एक. ‘कोरोनेट प्रजाती’ लिहू नका. वर्तमानपत्रं स्पीशीजला प्रजाती म्हणतात. आमच्या पुस्तकांत प्रजाती म्हणजे जीनस, आणि स्पीशीज म्हणजे जाती. कोरोनेट तर दोन्ही नाही. ‘गण’ दोन अक्षरांत होतो, तुमच्या ४२ मध्ये तोच परवडेल.

उपशीर्षकवाली

प्रजातीचा घोळ मी दहा वर्षं घालतेय म्हणजे. असो.

शेवटचं. अ‍ॅटोलाला काहीतरी धक्का लागतो आणि त्याच्या कडेने निळा उजेड गोल गोल धावत जातो, धरमपेठेत लग्नाच्या हॉलवर लायटिंग पळते तसा. निवेदक त्याला ‘अलार्म’ म्हणतो. मी ‘धोक्याचा इशारा’ लिहिलंय. बरोबर ना?

निवृत्त झूलॉजी मास्तर

अर्धं बरोबर. इशारा म्हटलं की भाऊबंदांना सावध करणं वाटतं. इथे तसं नाही, ही बोंबाबोंब आहे. अंधाऱ्या गल्लीत खिसेकापूने धरलं तर आपण ‘चोर, चोर’ ओरडतो ते दुसऱ्या कोणीतरी येऊन चोराला बडवावं म्हणून. अ‍ॅटोलाला कोणी खायला लागलं की तो उजेड पाडतो, तो बघून खाणाऱ्याला खाणारा मोठा प्राणी येतो, आणि त्या धांदलीत हा सुटतो, असा तर्क आहे.

या तर्काची परीक्षा एडिथ विडर या अमेरिकन संशोधक बाईंनी केली. निळ्या दिव्यांचं गोल कडं करून अ‍ॅटोलाची नक्कल बनवली आणि कॅमेऱ्यासोबत खाली सोडली. २००४ मध्ये मेक्सिकोच्या आखातात दिवे सुरू केल्यावर दीड मिनिटाच्या आत सहा फुटांहून मोठं स्क्विड चाल करून आलं. २०१२ मध्ये जपानजवळ त्याच युक्तीने महाकाय स्क्विड त्याच्या घरच्या खोलीत जिवंत चित्रित झालं. तेव्हा ‘आरडाओरडा’ लिहा हवं तर. उजेडाचा आरडाओरडा.

तर्रीपोहे

सर, तुम्ही आमाले शिकवाले असते तर मी बी पास झालो असतो झूलॉजीत. फक्त एक सांगतो, मी आतापर्यंत अ‍ॅटोलाले अकोलाच वाचून राहिलो होतो. म्हटलं अकोल्यात जेलीफिश कुठून आला बाप्पा?

उपशीर्षकवाली

पाठवलं. पहिल्यांदा : ‘हा अ‍ॅटोला. कोरोनेट गणातला छत्रिक, / छत्रीभोवती माळेसारखी खाच असलेला.’ दुसऱ्यांदा आणि तिसऱ्यांदा नुसतं ‘अ‍ॅटोला’. उजेडाच्या ठिकाणी ‘हा उजेडाचा आरडाओरडा आहे.’ सोबत तपासणाऱ्यासाठी टीप जोडली की कोरोना रोगाशी संबंध नाही, कृपया बदलू नये.

*दोन दिवसांनी :*

फाइल परत आली. टीप वाचलेली दिसतेय, कोरोनेट शाबूत आहे, छत्रिकही. आरडाओरडा आवडला असं लिहिलंय. मात्र तर्रीपोहे भाऊ, तुमचा तिथे कोणी नातेवाईक आहे का? चौदाव्या मिनिटाला समुद्राच्या तळाशी लिहून आलंय : ‘अकोला पुन्हा चमकतो.’