उत्पन्नाचा दाखला आणि बाबांच्या पेन्शनचा पुरावा लवकर कसा मिळेल? आईचं ऑपरेशन आहे

माहेरची_सई

नमस्कार मंडळी. आईची बायपास ठरलीय, डॉक्टर म्हणाले तीन आठवडे थांबता येईल पण त्याच्या पुढे ढकलू नका. हॉस्पिटल धर्मादाय आहे, तिथल्या समाजसेविका मॅडमनी सांगितलं की निर्धन रुग्णांच्या कोट्यात बसू शकाल पण दोन कागद आणा, एक तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला आणि दुसरा बाबांना पेन्शन नक्की किती येते त्याचा पुरावा.

आता आमची परिस्थिती सांगते. बाबा खाजगी कारखान्यातून रिटायर झालेत, पीएफची पेन्शन महिना २१४० येते. पीपीओचा, म्हणजे पेन्शन मंजुरीच्या आदेशाचा कागद घर बदलताना गेला. भाऊ गावातच एका दुकानात कामाला आहे, ९००० मिळतात पण हातात रोख, त्यामुळे पगाराची स्लिप वगैरे काही नाही. २० गुंठे कोरडवाहू जमीन आहे. रेशनकार्ड केशरी. मी लग्न होऊन पुण्यात असते, माझी नोकरी आहे, तर माझा पगार यात धरतात का हेही माहीत नाही. भाऊ तहसीलला दोनदा जाऊन आला, एकदा साहेब मीटिंगला, दुसऱ्यांदा सांगितलं ५०० च्या स्टॅम्पवर प्रतिज्ञापत्र करून आणा. खरंच लागतं का ते?

अजून एक, आमच्यासोबत आत्या राहते, तिला संजय गांधी निराधारचे पैसे येतात, तिच्याकडेही मंजुरीचा कागद नाहीये आणि ग्रामपंचायतीत तो मागतायत. तिचं नंतर बघितलं तरी चालेल, आधी आईचं. प्लीज ज्यांनी हे केलंय त्यांनी सांगा, मला रात्री झोप लागत नाहीये.

सेवाकेंद्र_दादा

ताई मी आपले सरकार सेवा केंद्र चालवतो, रोज हेच दाखले भरतो म्हणून सविस्तर लिहितो.

पहिलं म्हणजे स्टॅम्प पेपर घेऊ नका. उत्पन्न, जात, रहिवासी असल्या दाखल्यांच्या प्रतिज्ञापत्राचं मुद्रांक शुल्क माफ आहे, २०२५ ला महसूल खात्याने हे परत एकदा स्पष्ट सांगितलंय, तरी अजून लोकांना स्टॅम्प आणायला पाठवतात. साध्या कागदावरचं स्वयंघोषणापत्र चालतं.

अर्ज घरी बसून आपले सरकार पोर्टलवर करता येतो नाहीतर जवळच्या केंद्रात. लागतं काय तर बाबांचा फोटो, ओळखीचा पुरावा (आधार किंवा मतदार कार्ड), पत्त्याचा पुरावा (रेशनकार्ड किंवा लाइट बिल) आणि उत्पन्नाचा पुरावा. जमीन असेल तर सातबारा आणि आठ-अ आणि तलाठ्याचा अहवाल लागतो. तलाठ्याला आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, ऑफिसच्या पाटीवर तेच नाव दिसलं तर गोंधळू नका. पेन्शनवाल्यांना बँकेचं प्रमाणपत्र. नोकरदाराला फॉर्म १६ किंवा रिटर्न, पण तुमच्या भावाकडे ते नसणार, मग त्याचं उत्पन्न घोषणापत्रात लिहायचं आणि जमलं तर दुकानमालकाकडून महिन्याला किती देतो एवढं एका कागदावर सहीनिशी आणायचं. आमच्याकडे असे अर्ज पास होतात.

दाखला एक वर्षाचा आणि तीन वर्षाचा असा दोन प्रकारचा असतो. तीन वर्षाचा नॉन क्रिमीलेयरला लागतो, तुम्ही एक वर्षाचाच भरा, उगाच कागद वाढवू नका. आणि दाखल्यावर मुदत बघून घ्या, साधारण ३१ मार्चपर्यंतच धरतात.

पेन्शनर_काका६८

सई बाळा, आईला बरं वाटो. मी स्वतः ईपीएस ९५ चा, म्हणजे पीएफच्याच पेन्शन योजनेचा पेन्शनर आहे म्हणून पीपीओचं मी सांगतो, कागद हरवला म्हणून घाबरून जाऊ नकोस.

पीपीओ नंबर बाबांच्या बँकेच्या पासबुकात पहिल्या पानावर बहुतेक लिहिलेला असतो, तिथे नसेल तर ईपीएफओच्या (पीएफ कार्यालयाच्या) पेन्शनर पोर्टलवर बँक खाते नंबर टाकून काढता येतो. नंबर मिळाला की बाबांच्या डिजिलॉकरमध्ये पीपीओ उतरवता येतो, उमंग ॲपवर पेन्शनचं पासबुकही बघता येतं. मला हे माझ्या नातवाने करून दिलं, आधारला जो मोबाईल जोडलाय तो हातात पाहिजे कारण ओटीपी त्याच्यावरच येतो. बाबांचा जुना नंबर बंद असेल तर मात्र आधार केंद्रावर जाऊन नंबर बदलावा लागेल, ते आजच बघून घे.

पण हॉस्पिटलला पीपीओपेक्षा बँकेचं पत्र जास्त उपयोगी पडेल असं मला वाटतं. पीपीओवर मंजूर रक्कम असते, प्रत्यक्षात काय जमा होतं ते बँकच सांगू शकते. बँकेत अर्ज द्या की १ एप्रिल ते ३१ मार्च या वर्षात जमा झालेल्या पेन्शनचं प्रमाणपत्र लेटरहेडवर सही शिक्क्यासह पाहिजे, सोबत त्याच वर्षाचं स्टेटमेंट.

आणि दर वर्षीचा हयातीचा दाखला बाबांनी दिलाय ना ते बघ, तो राहिला तर पेन्शन थांबते आणि मग स्टेटमेंटमध्ये मधले महिने कोरे दिसतात, त्यावर प्रश्न येतात.

विक्या_७७

एवढं कशाला करताय, तालुक्याला एजंट असतात, २१ हजार उत्पन्नाचा दाखला दोन दिवसात काढून देतात. आमच्याकडे सगळे तसंच करतात

सेवाकेंद्र_दादा

विक्या, भावा असं कुणाला सांगू नको, ह्यात पेशंट अडकतो. २१ हजाराचा आकडा आला कुठून तर संजय गांधी योजनेची ती उत्पन्नाची मर्यादा आहे, म्हणून एजंट सगळ्यांना तेवढाच लिहून देतात. आता इथेच हिशोब कर, ताईंच्या बाबांची नुसती पेन्शन वर्षाला २५,६८० होते. म्हणजे समाजसेविका मॅडमच्या टेबलावर एका बाजूला २१ हजाराचा दाखला आणि दुसऱ्या बाजूला बँकेचं २५,६८० चं पत्र, दोन्ही एकाच फाइलमध्ये. बघताक्षणी खोटं कळतं आणि मग खऱ्या कागदावरही विश्वास राहत नाही. घोषणापत्रात खाली लिहिलेलंच असतं की माहिती खोटी निघाली तर कारवाई, सही बाबांची असते, एजंटची नाही.

आणि ताईंना खोटं लिहायची गरजच नाही. पेन्शन २५,६८०, भावाचे १,०८,०००, मिळून १,३३,६८०, त्यात कोरडवाहू २० गुंठ्याचं जे काय थोडं येतं ते धरा. धर्मादायमध्ये निर्धनची मर्यादा वर्षाला १,८०,००० आहे आणि दुर्बल घटकाची ३,६०,०००. तुम्ही खरं लिहून पण निर्धनमध्येच बसताय.

ताई तुम्ही लग्न होऊन वेगळ्या घरात आहात, तुमचं नाव माहेरच्या रेशनकार्डावरून कमी झालेलं असेल तर तुमचा पगार त्यांच्या कुटुंबात धरायचा नाही. नाव अजून तिथेच असेल तर मात्र अडचण, विचारतील.

नर्स_मावशी

मी रुग्णालयात काम केलंय बरीच वर्षं म्हणून दुसरी बाजू सांगते. मुंबई हायकोर्टाने २००६ मध्ये धर्मादाय रुग्णालयांसाठी योजना घालून दिली, त्यात १० टक्के खाटा निर्धन रुग्णांना मोफत आणि १० टक्के दुर्बल घटकांना सवलतीत ठेवायच्या असतात. त्यात पुरावा म्हणून तहसीलदारांचा दाखला किंवा रेशनकार्ड किंवा बीपीएल कार्ड चालतं. तेव्हा दाखला यायचा असेल तोपर्यंत केशरी कार्डाची झेरॉक्स, दाखल्याच्या अर्जाची पावती आणि बँकेचं पत्र एवढं घेऊन मॅडमना आत्ताच भेट, फाइल उघडून ठेव. खाटा भरलेल्या असतात गं, रांगेत नाव लागणं महत्त्वाचं, कागद पूर्ण झाल्यावर जाऊ असं केलंस तर खाट गेलेली असते.

आणि देव न करो पण आईला मध्येच त्रास झाला तर कागदांसाठी थांबू नकोस, तातडीच्या वेळी दाखल करून उपचार द्यावेच लागतात आणि निर्धन, दुर्बल रुग्णाकडून डिपॉझिट मागता येत नाही. अडवलं तर धर्मादाय आयुक्त कार्यालयात लेखी तक्रार करता येते.

समाजसेविकेशी नीट बोल, त्यांच्या हातात खूप काही असतं आणि बहुतेक जणी मनापासून मदत करतात.

तहसीलातून_निवृत्त

मी महसूलमध्ये अव्वल कारकून होतो. दाखल्याला लोकसेवा हक्क कायद्याप्रमाणे १५ दिवसांची मुदत आहे. तुमच्याकडे तीन आठवडे आहेत म्हणजे आज अर्ज गेला तर बसतं पण सैल सोडू नका. भावाने नुसतं जाऊन तोंडी विचारलं त्याला काही अर्थ नाही, ऑनलाइन अर्ज करून पावती घ्या, त्या तारखेपासून दिवस मोजतात. मुदतीत दाखला मिळाला नाही किंवा विनाकारण नाकारला तर पोर्टलवरूनच पहिलं अपील करता येतं, नंतर दुसरं, आणि त्यावर राज्य लोकसेवा हक्क आयोग. पण अपिलापर्यंत जायच्या आधी पावती आणि डॉक्टरांचं ऑपरेशनच्या तारखेचं पत्र जोडून नायब तहसीलदारांना भेटा. वैद्यकीय कारण असलं की फाइल वर घेतात, मी स्वतः घेतल्यात.

आता आत्याबाईंचं. तहसील कार्यालयात संजय गांधी योजनेची वेगळी शाखा असते. पासबुक आणि आधार घेऊन तिथे लेखी अर्ज द्या की मंजुरी आदेशाची प्रत किंवा लाभार्थी असल्याचा दाखला मिळावा. पासबुकात पैसे कधीपासून येतात ती पहिली नोंद शोधून तारीख लिहा, म्हणजे त्यांना कुठल्या बैठकीत मंजूर झालं ते रजिस्टरमध्ये लगेच सापडतं, नाहीतर जुनी गठ्ठी उलटत बसतात. नाहीच दिलं तर माहिती अधिकारात १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून प्रत मागा, ३० दिवसात उत्तर द्यावं लागतं.

माहेरची_सई

सगळ्यांचे खूप खूप आभार, मी एकेक करत गेले आणि आज लिहितेय. पासबुकावर पीपीओ नंबर होता, काका तुमच्यामुळे बघितलं, इतकी वर्षं कुणाच्या लक्षातच आलं नव्हतं. बाबांचा आधारचा नंबर चालू होता त्यामुळे डिजिलॉकरला पीपीओ लगेच उतरला. बँकेने दोन दिवस लावले पण पत्र दिलं, वर्षाचे २५,६८०. भावाच्या मालकाने कागदावर सही द्यायला आधी नाही म्हटलं, त्याला भीती की आपल्याला काही टॅक्स लागेल, मग भावाने समजावल्यावर दिली.

उत्पन्न आम्ही जमिनीचं धरून १,४५,००० लिहिलं. माझं नाव माहेरच्या कार्डावरून लग्नानंतरच कमी केलंय, ते पण तपासलं. अर्ज केल्यापासून अकराव्या दिवशी दाखला आला, डॉक्टरांचं पत्र दाखवल्याचा उपयोग झाला.

मावशी तुम्ही म्हणालात तशी फाइल आधीच उघडून ठेवली होती, मॅडमनी बँकेचं पत्र आणि दाखला शेजारी शेजारी ठेवून बघितले आणि फक्त भावाबद्दल एक प्रश्न विचारला. येत्या गुरुवारी आईला ॲडमिट करायचंय. आत्याचा अर्ज सोमवारी दिला, पासबुकातली पहिली नोंद २०१६ ची निघाली.

नर्स_मावशी

गुरुवारी जाताना दाखल्याच्या आणि रेशनकार्डाच्या तीन तीन झेरॉक्स आणि मूळ प्रती दोन्ही घेऊन जा, मूळ प्रत फक्त दाखवायची, कुणाकडे ठेवून द्यायची नाही. आई घरी आली की इथे कळव.