उशीतलं हस्तलिखित

काही जण म्हणतात की अ‍ॅडोनिराम जडसन या अमेरिकन मिशनऱ्याने बर्मी बायबल तुरुंगात बसून लिहिलं, तसं नाहीये हो. बायबलचा दुसरा भाग, म्हणजे नवा करार, त्याने १८२३ मध्येच बर्मीत अनुवादित केला होता, पुढच्या वर्षी इंग्रज-बर्मा युद्ध पेटलं आणि हा अमेरिकन असूनही हेर समजून आव्याला, म्हणजे बर्माच्या तेव्हाच्या राजधानीत, त्याला बेड्या घालून डांबलं. बायको अ‍ॅनने आधी ते हस्तलिखित जमिनीत पुरलं, पण पावसात कुजेल म्हणून मग एका उशीत शिवून तुरुंगात नेऊन दिलं, उशी मुद्दाम इतकी टणक आणि कळकट की कुणी चोरूच नये! कैद्यांना दुसरीकडे हलवताना पहारेकऱ्याने वरचं आवरण काढून घेतलं नि आतला गठ्ठा फेकून दिला, तो मोंग इंग नावाच्या शिष्याने निव्वळ आठवण म्हणून घरी नेला, आत काय आहे त्याला पत्ताच नाही. महिन्यांनी कागद शाबूत सापडले.

अ‍ॅन मात्र १८२६ मध्येच गेली. संपूर्ण बायबल व्हायला १८३४ उजाडलं. मला तर यात खरी हिरो तीच वाटते.

आणि हो, १८१२ मध्ये अमेरिकेतल्या सेलमला जडसनसोबत मिशनरी म्हणून दीक्षा घेतलेले हॉल आणि नॉट १८१३ ला मुंबईत पोचले, आपल्याकडचं अमेरिकन मराठी मिशन म्हणतात ते यांचंच.