उत्तर: काटाकाट कधी चालते?

(६क्ष + ९)/३ चं उत्तर ६क्ष + ३ का नाही, हे भाचीला कसं पटवायचं, असं विचारलंत ना? मी इंदूरचा, त्यामुळे मला तिथला रात्रीचा खाऊबाजार, सराफाच आठवतो. सहा प्लेट गराडू (तळलेला कंद) आणि नऊ प्लेट भुट्ट्याचा कीस तिघांत वाटायचा, तर नुसता कीस वाटून कसं चालेल? गराडूचेही तीन वाटे हवेतच! म्हणून आधी ३ सामाईक काढा: ३(२क्ष + ३)/३ = २क्ष + ३. पटत नसेल तर क्ष = १ घालू द्या: १५/३ म्हणजे ५, तिच्या उत्तरात मात्र ९.

काट गुणलेल्या अवयवांनाच, बेरजेतल्या एकट्या पदाला नाही. (क्ष² − ३क्ष)/(क्ष² − ९) मध्येही तसंच: क्ष(क्ष − ३) भागिले (क्ष + ३)(क्ष − ३), उरलं क्ष/(क्ष + ३). फक्त क्ष ३ किंवा −३ नसावा, मूळ छेद शून्य होतो. ही अट मुलं हमखास गाळतात.