खुकरीच्या कार्यक्रमात हँगोरच्या कमांडरबद्दल बोलायचं की नाही?

रावपुरावाला
बडोद्यातल्या आमच्या वाचन गटात 9 डिसेंबरला, म्हणजे 1971 च्या युद्धात आपली युद्धनौका आयएनएस खुकरी बुडाली त्या दिवशी, तिच्यावर कार्यक्रम ठरलाय. मी सुचवलं की त्यातला थोडा वेळ अहमद तस्नीमला द्या, म्हणजे ज्याच्या हँगोर पाणबुडीने खुकरी बुडवली त्या पाकिस्तानी कमांडरला. झालं, ग्रुपवर वाद पेटला, म्हणून इथे विचारतोय.
माझं म्हणणं साधं आहे. आपण बडोदेकर दीवला जातो, चक्रतीर्थाजवळच्या त्या टेकडीवर काचेतली खुकरीची प्रतिकृती बघतो, फोटो काढतो आणि परत येतो. पण जहाज बुडालं कसं हे विचारलं तर बहुतेकांना "टॉर्पेडो लागला" याच्यापुढे काही सांगता येत नाही. तस्नीम 1965 च्या युद्धात गाझी या पाकिस्तानी पाणबुडीवर होता, म्हणजे 1971 मध्ये हँगोरची कमांड हातात आली तेव्हा तो नवखा नव्हता. हँगोर फ्रान्सकडून घेतलेली डाफ्ने जातीची पाणबुडी, चालताना आवाज अगदी कमी. युद्ध सुरू व्हायच्या आदल्या रात्री आपली जहाजं त्याच्या टप्प्यातून गेली, पण युद्ध जाहीर नव्हतं म्हणून त्याने डागलं नाही, असं त्याने पुढे मुलाखतींत सांगितलंय. मग आठवडाभराने खुकरी आणि तिच्या जोडीची युद्धनौका किरपाण त्यालाच शोधायला आल्या तेव्हा पहिला टॉर्पेडो किरपाणवर, तो फुटलाच नाही, दुसरा खुकरीवर, आणि काही मिनिटांत जहाज पाण्याखाली. 18 अधिकारी आणि 176 नौसैनिक गेले. हा माणूस कसा विचार करत होता हे न सांगता खुकरीचे कॅप्टन मुल्ला यांची गोष्ट अर्धीच राहते असं मला मनापासून वाटतं.

मांडवीकर
भाऊ, माझा ठाम विरोध आहे. माझे थोरले काका नेव्हीत होते म्हणून आमच्या घरी 9 डिसेंबर वेगळाच असतो. तेराव्याला कोणी मारणाऱ्याचं चरित्र वाचतं का? तस्नीमला त्याच्या देशाने सितारा-ए-जुर्रत हे शौर्यपदक दिलं, व्हाइस ॲडमिरल केलं, हँगोर कराचीत म्युझियममध्ये ठेवली, त्याचं कौतुक करायला तिकडे पुष्कळ माणसं आहेत. आपला एक दिवस त्या 194 जणांचा राहू दे. मुल्लांनी स्वतःचं लाइफ जॅकेट एका नौसैनिकाला दिलं आणि स्वतः जहाजासोबत गेले, हे सांगायलाच तास कमी पडेल. अभ्यास करायचाय तर वर्षात दुसरे 364 दिवस आहेत ना.

सोनारवाला_रिटायर्ड
दोघांचं वाचलं. मी रावपुरावाल्याच्या बाजूने आहे पण कारण माझं वेगळं. लोक हे सगळं नशिबावर ढकलतात ते मला पटत नाही. खुकरी ब्रिटिश बनावटीची, पन्नासच्या दशकातली फ्रिगेट, तिचा सोनार, म्हणजे आवाजावरून पाण्याखालचं शोधायचं यंत्र, जवळचंच पकडायचा. हँगोरला मात्र फार लांबून जहाजाचा आवाज ऐकू यायचा. म्हणजे शिकारी ज्याला शोधतोय त्याला शिकारी आधीच दिसतोय, आणि हे आपल्या नौदलाला माहीत नव्हतं असंही नाही. हँगोरने वायरलेसवर संदेश पाठवले ते आपल्या स्टेशनांनी पकडले, पाणबुडी दीवच्या बाजूला आहे असा अंदाज आला आणि मग खुकरीच्या तुकडीला, चौदाव्या स्क्वाड्रनला पाठवलं. वर खुकरीवर सोनारमधल्या एका सुधारणेची चाचणी चालू होती आणि त्यासाठी वेग कमी ठेवला होता, हे नौदलाच्याच इतिहासात आलंय. पाणबुडीच्या समोर हळू चालणारं जहाज म्हणजे काय ते ज्याने समुद्र बघितलाय त्याला सांगावं लागत नाही. तस्नीमने वाट बघितली, नीट मोजमाप केलं आणि डागलं. ही शांत डोक्याची माणसं समोर असतात हे नवीन पोरांना कळलं पाहिजे, नाहीतर उद्या ती जुन्याच सोनारवर भरवसा ठेवून निघतील. मुल्लांचं मोठेपण यात तसूभर कमी होत नाही, उलट किती तोकड्या साधनांवर तो माणूस निघाला होता ते कळतं.

मांडवीकर
सोनारवाले काका, तुम्ही सांगताय त्यातला एकही मुद्दा मी नाकारत नाही. पण बघा, तुम्ही जे सांगितलं त्यात तस्नीमचं आयुष्य कुठे आलं? सोनार आला, वेग आला, आपल्या निर्णयातल्या चुका आल्या. त्यावर जरूर बोला, मीच प्रश्न विचारीन. किरपाणला तिथून निघावं लागलं कारण पाणबुडी अजून खालीच होती, वाचलेले 67 जण दुसऱ्या दिवशी उचलले गेले, तोपर्यंत रात्रभर ती माणसं पाण्यात काय भोगत होती, हे विचारायला पाहिजे. ते विचारायला शत्रूच्या कमांडरची कारकीर्द सांगावी लागत नाही.

सूरसागर_काठ
मला एक खटकतं ते बोलू का. विशाखापट्टणमच्या बाहेर गाझी बुडाली तेव्हा आतले नव्वदच्या वर लोक सगळेच्या सगळे गेले, कमांडर झफर मोहम्मद खान पण. ती गोष्ट आपण किती आनंदाने सांगतो! मी शाळेत शिकवते, मुलं गाझीचं नाव ऐकून टाळ्या वाजवतात आणि खुकरीचं नाव घेतलं की गप्प होतात. दोन्हीकडे लोखंडी डब्यात बंद माणसंच होती ना? तस्नीमबद्दल बोलताना कोणी त्याला हार घालायला सांगत नाहीये. तो आणि झफर खान एकाच नौदलातले, एकाच युद्धात निघाले, एक परतला एक नाही, एवढं सांगितलं तरी मुलांना युद्ध म्हणजे काय ते थोडं समजेल. माझं मत: बोलावं.

कोठी_रोड
ताई, तुमच्या भावना समजतात पण शाळा वेगळी, श्रद्धांजली वेगळी. समजा समोर खुकरीवरच्या कोणाच्या घरचं माणूस बसलंय, बडोद्यात फौजी घरं कमी आहेत का, आणि स्टेजवर कोणी त्याच्या वडिलांना मारणाऱ्याच्या "शांत डोक्याचं" वर्णन करतंय. मला तर ऐकवणार नाही. तिथे ते माणूस आधी, इतिहास नंतर.

रावपुरावाला
कोठी रोड, हा मुद्दा इथे आलेल्यांपैकी सगळ्यात वजनदार आहे आणि मी त्याला बगल देत नाही. पण मला वाटतं त्या घरच्या माणसालाच सगळ्यात जास्त जाणून घ्यायचं असतं की त्या रात्री नऊच्या सुमारास नक्की काय झालं. माझ्या ओळखीच्या फौजी घरांत तरी गोड गोड भाषणाचा राग येतो, तपशिलाचा येत नाही. ब्रिटिशांच्या कॉन्करर पाणबुडीने 1982 मध्ये अर्जेंटिनाची युद्धनौका बेलग्रानो बुडवली, 323 अर्जेंटिनी गेले, त्यावर दोन्ही देशांत आजही भांडण चालतं आणि म्हणूनच प्रत्येक तपशील लोकांसमोर आला. आपल्याकडे खुकरीवर भांडणच होत नाही, फक्त फुलं वाहतो.
मांडवीकर, तुमच्यासाठी क्रम बदलतो. आधी सगळी 194 नावं वाचू, मग मुल्ला, मग सोनार आणि निर्णय, आणि सगळ्यात शेवटी हँगोर. चालेल ने?

मांडवीकर
नावं वाचणार असाल तर मी स्वतः वाचायला येतो. शेवटी दहा मिनिटं हँगोर, त्याहून जास्त नाही, आणि तस्नीमचा फोटो पडद्यावर लावायचा नाही.

सोनारवाला_रिटायर्ड
फोटो नको हे मान्य. पण दहा मिनिटांत पाणबुडीचं काही सांगून होत नाही हो, निदान पंधरा तरी द्या.

मांडवीकर
दहा.