उपग्रह पाडून झाला, आता सही करायला हरकत काय?

आळशी_कासव (धागाकर्ता):
२७ मार्च २०१९. पंतप्रधान राष्ट्राला उद्देशून बोलणार अशी बातमी फुटली आणि आमच्या ऑफिसातले दोघे जण आधी एटीएमकडे धावले, नोटबंदीचा धसका. नंतर कळलं, आपण उपग्रह पाडलाय. मिशन शक्ती. स्वतःचाच मायक्रोसॅट-आर, साधारण ७४० किलोचा, जानेवारीतच सोडलेला, सुमारे २८३ किमी उंचीवर क्षेपणास्त्राने फोडला. अमेरिका, रशिया, चीन आणि आपण, एवढ्यांनीच हे करून दाखवलंय. अभिमान वाटला, अजूनही वाटतो.

धागा काढायचं कारण वेगळं आहे. डिसेंबर २०२२ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत ठराव आला की क्षेपणास्त्राने उपग्रह फोडण्याच्या चाचण्या देशांनी करू नयेत. १५५ देश बाजूने, ९ विरोधात (त्यात चीन आणि रशिया), ९ तटस्थ. तटस्थांत आपण. आणि पाकिस्तानही, म्हणजे बाक एकच.

माझं म्हणणं, आपण 'हो' म्हणायला हवं होतं आणि आता तरी अशा चाचण्या करणार नाही या हमीवर सही करावी. आपली चाचणी झाली, जगाने पाहिली. आता कचऱ्याचा तोटा आपल्यालाच. चीनने २००७ मध्ये ८६५ किमीच्या आसपास स्वतःचा हवामान उपग्रह फोडला, त्याचे तीन हजारांवर तुकडे नोंदले गेले आणि त्यातले बरेच आजही फिरताहेत. आपलेही उपग्रह त्याच गर्दीतून जातात.

तिरकस:
कासवराव, चाचणी आपली झाली म्हणून दार लावून घ्यायचं, हा युक्तिवाद ओळखीचा वाटत नाही? अण्वस्त्र प्रसारबंदी करारात १ जानेवारी १९६७ ही तारीख घातली. त्याआधी स्फोट केलेले ते 'अण्वस्त्रधारी', बाकीचे अस्पृश्य. चीनने १९६४ मध्ये बार उडवला, आत बसला. आपण १९७४ मध्ये पोखरणला उडवला, बाहेर राहिलो आणि पुढे कित्येक वर्षं युरेनियमसाठी लोकांच्या दारात उभे होतो. ज्यांनी आपल्याला तेव्हा शहाणपण शिकवलं तेच आता अवकाशात शिकवताहेत.

आळशी_कासव:
उदाहरण माझ्याच बाजूचं दिलंत की. त्या वेळी आपण बाहेर होतो, या वेळी आत आहोत. दार लागलं तर फायदा आतल्याचा.

तिरकस:
आत? उंबरठ्यावर म्हणा. २८३ किमीवर पाडलेला उपग्रह म्हणजे अंगणातला आंबा. शत्रूचे टेहळणी उपग्रह पाचशे, सातशे किमीवर असतात, संदेशवहनाचे तर ३६ हजारांवर. एका यशस्वी चाचणीने शस्त्र 'तयार' होत नाही, लष्करात कोणालाही विचारा. सही केलीत की तुमची क्षमता कायमची २८३ वर गोठली.

आळशी_कासव:
बंदी उपग्रह फोडण्यावर आहे, क्षेपणास्त्र सोडण्यावर नाही. अवकाशातला एक रिकामा बिंदू ठरवायचा, क्षेपणास्त्र ठरल्या क्षणी तिथून गेलं की नाही ते मोजायचं, तुकडा एकही नाही. चीनने २००७ नंतर एकही उपग्रह फोडलेला नाही. म्हणून त्यांची क्षमता वाढली नाही असं तुम्ही म्हणणार आहात का?

आणि अंगणातल्या आंब्याबद्दल. चाचणी मुद्दाम खाली केली ते बरंच झालं, पण मारा खालून वर होता, त्यामुळे काही तुकडे आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकाच्याही वर फेकले गेले. चाचणी करणारी आपली संरक्षण संशोधन संस्था डीआरडीओ म्हणत होती ४५ दिवसांत सगळं जळून जाईल. बहुतेक गेलं, पण थोडे तुकडे वर्ष उलटलं तरी वरच होते. रशियाने नोव्हेंबर २०२१ मध्ये स्वतःचा कॉसमॉस १४०८ उपग्रह फोडला तेव्हा तुकड्यांच्या भीतीने स्थानकातल्या लोकांना आपापल्या यानांत जाऊन बसावं लागलं. त्यात दोघे रशियनच होते!

वीजवाला:
दोघांचीही माफी मागून. तुम्ही क्षेपणास्त्रावर अडकलात, खरं युद्ध दुसऱ्याच दाराने शिरलं. २४ फेब्रुवारी २०२२, रशियन फौजा युक्रेनमध्ये घुसण्याच्या तासभर आधी व्हायासॅट कंपनीच्या केए-सॅट उपग्रहावरचं इंटरनेट कोसळलं. उपग्रहाला ओरखडासुद्धा नाही. हल्लेखोर जमिनीवरच्या व्यवस्थापन नेटवर्कमध्ये नीट न बसवलेल्या व्हीपीएनमधून (लांबून आत यायच्या खासगी वाटेने) शिरले आणि तिथून हजारो ग्राहकांच्या मोडेमना अशी आज्ञा दिली की त्यांची मेमरीच पुसली गेली. मोडेम म्हणजे वीट झाली. गंमत म्हणजे जर्मनीतल्या ५,८०० पवनचक्क्यांशी दूरसंपर्क तुटला. चक्क्या फिरत होत्या, पण लांबून त्यांची खबर घेता येईना.

कचरा शून्य, ठराव शून्य. तुमच्या १५५ देशांच्या कागदात हे कुठे बसतं?

मुंबईकरांनी १२ ऑक्टोबर २०२० आठवावा. शहरभर वीज गेली, लोकल जागच्या जागी उभ्या, हॉस्पिटलं जनरेटरवर. चार महिन्यांनी एका अमेरिकन सायबर कंपनीचा अहवाल आला की चीनशी संबंधित गट आपल्या वीजयंत्रणेत शिरला होता. राज्याचे गृहमंत्री म्हणाले घातपाताची शक्यता आहे, केंद्राचे ऊर्जामंत्री म्हणाले मानवी चूक. मी याच क्षेत्रात आहे. क्षेपणास्त्र सुटलं की कुठून सुटलं ते सगळ्या जगाला दिसतं, म्हणून त्याचा धाक असतो. इथे मार बसला की पाय घसरला यावरच दोन सरकारांचं एकमत नाही. मग धाक कोणाला घालणार?

खडीसाखर:
वीजवालासाहेब, शेवटच्या परिच्छेदाशी सपशेल असहमत. त्या दिवशी मुंबईला वीज आणणाऱ्या कळवा-पडघा पट्ट्यातल्या वाहिन्या एकामागोमाग ट्रिप झाल्या, म्हणजे बंद पडल्या. आणि असं काही झालं की मुंबईला बाकी ग्रिडपासून तोडून स्वतःच्या विजेवर चालू ठेवायची जी आयलंडिंग योजना आहे, ती ऐन वेळी चालली नाही. हे आधी तपासायचं सोडून बीजिंगकडे बोट दाखवणं सोपं. सायबर हल्ला हे हल्ली देखभालीतल्या हलगर्जीपणावरचं छान पांघरूण झालंय.

वीजवाला:
मी हल्ला झालाच असं कुठे म्हटलं? ठरवता येत नाही, हेच म्हणतोय. आयलंडिंग फसलं हे मान्य, आणि ते कोणत्याही मालवेअरपेक्षा (घुसखोर सॉफ्टवेअरपेक्षा) जास्त झोंबतं. पण हलगर्जीपणा आणि घुसखोरी एकत्र नांदू शकतात. कुडनकुलमच्या अणुवीज प्रकल्पात २०१९ मध्ये तेच झालं. आधी साफ इन्कार, दुसऱ्या दिवशी कबुली की प्रशासकीय कामाच्या संगणकात मालवेअर सापडलं होतं, अणुभट्टीची यंत्रणा वेगळी आहे. वेगळी होती म्हणून वाचलो. इन्कार कशासाठी केला होता?

खडीसाखर:
सवयीने.

दर्यावर्दी:
व्यापारी जहाजावर सेकंड ऑफिसर आहे, रत्नागिरीचा. सहीबद्दल मत नाही, पण एक अनुभव. पूर्व भूमध्यात गेल्या फेरीला आमचं जीपीएस म्हणत होतं की जहाज बैरूतच्या विमानतळावर उभं आहे. वीस हजार टनांचं धूड, धावपट्टीवर! सिग्नल कोणीतरी खोटा पाठवत होतं. मग जुनी विद्या: रडारवर किनाऱ्याचं अंतर घ्यायचं, बेअरिंग म्हणजे दिशेचा कोन घ्यायचा, कागदी नकाशावर रेघ मारायची. कॅप्टनने तीन रात्री ब्रिज, म्हणजे जहाज चालवायची खोली, सोडली नाही. नवीन पोरांना हे करताना घाम फुटला, खोटं कशाला बोलू.

उपग्रह पाडण्यापेक्षा हे स्वस्त आणि रोजचं आहे. म्हणून मला दुसऱ्याचे पाडण्यापेक्षा आपले उपग्रह टिकण्याची काळजी जास्त. आपल्या देशी जीपीएसचं, नाविकचं बघा. २०१६ मध्ये पहिल्या उपग्रहातली आयात केलेली अणुघड्याळं बंद पडली. त्याच्या बदली २०१७ मध्ये पाठवला त्याचं उष्णताकवचच उघडलं नाही. जानेवारी २०२५ मध्ये नाविकचाच एनव्हीएस-०२ वर गेला, पण ठरलेल्या कक्षेत पोचलाच नाही. शत्रूला काही करावंच लागलं नाही.

तिरकस:
दर्यावर्दी, सॅल्यूट. पण बघा, तुम्ही मलाच दुजोरा देताय. हस्तक्षेप, जॅमिंग (सिग्नल दाबून टाकणं), दुसऱ्याच्या उपग्रहाशेजारी जाऊन घिरट्या घालणं, हे सगळं मोकळं ठेवून फक्त क्षेपणास्त्र चाचणीवर बंदी, म्हणजे पुढारलेल्यांना जे आता नकोसं झालंय तेवढंच बंद. सगळ्यावर कायदेशीर बंधन असलेला करार आणा, मी स्वतः दिल्लीला पेन घेऊन जातो.

आळशी_कासव:
अवकाशातल्या शस्त्रस्पर्धेचा विषय १९८१ पासून संयुक्त राष्ट्रांसमोर आहे. तुमच्या पेनातली शाई वाळेल. पण 'जे नकोसं झालंय तेवढंच बंद' हा मुद्दा लागला मला, हे कबूल करतो. सही करावी या मतावर अजून आहे. फुकट करावी या मतावर आता तितका नाही.

खडीसाखर:
अरे वा, या धाग्यावर कोणीतरी इंचभर हललं!

तिरकस:
दर्यावर्दी, तुमच्या जहाजावर नाविक चालतं का?

दर्यावर्दी:
आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेने २०२० मध्येच मान्यता दिली आहे. पण मुख्य क्षेत्र भारताभोवती १,५०० किमीपर्यंत, भूमध्यात तसाही फार उपयोग नाही. अरबी समुद्रात झाला असता, पण आमचा रिसीव्हर जीपीएस आणि रशियाचं ग्लोनास एवढंच घेतो. बदला म्हणून दोनदा लिहून दिलंय, उत्तर नाही. जहाज बंदरात नेणारा पायलट चढतोय, बाकीचं बंदराला लागल्यावर वाचतो.