मदत हवी आहे : ब्लॉइसच्या स्टीफनकडे अँटिऑकच्या वेढ्यात नेमकं कोणतं पद होतं?

पहिल्या क्रुसेडवर (जेरुसलेम घ्यायला निघालेल्या युरोपीय ख्रिश्चनांच्या धर्मयुद्धावर) टिपण लिहितोय, त्यातल्या एका फ्रेंच सरदारापाशी, स्टीफनपाशी, गाडी अडली आहे. २९ मार्च १०९८ ला तो अँटिऑकच्या (आजच्या तुर्कस्तानातलं शहर, क्रुसेडरांनी वेढलेलं) छावणीतून बायकोला, अडेलाला, लिहितो की सगळ्या सरदारांनी मिळून मला प्रमुख नेमलंय. वर, निघालो तेव्हापेक्षा दुप्पट सोनं-चांदी आता जवळ आहे, हेही ऐटीत कळवतो! आणि जूनच्या सुरुवातीला, शहर पडायच्या ऐन तोंडावर, आजाराचं कारण सांगून हा गडी छावणी सोडतो. पुढे मदतीला येत असलेल्या बायझंटाइन सम्राट अलेक्सिओसला भेटून ‘तिथे काही राम उरला नाही’ असं सांगतो, सम्राटही माघारी फिरतो.

स्टीफनची पत्रं आणि ‘गेस्ता फ्रांकोरुम’ (त्या काळातली क्रुसेडची लॅटिन बखर) इंग्रजी भाषांतरात वाचून झालंय. ‘गेस्ता’तही त्याला नेता निवडल्याचा उल्लेख आहे, पण अधिकारांबद्दल अवाक्षर नाही. बोहेमंडसारखा मुरलेला नॉर्मन सेनानी तिथे असताना लढाईचे हुकूम स्टीफन देत असेल, हे मला पटत नाही.

तो पळाला की खरंच आजारी होता, हा वाद नकोय. १९ मे ११०२ ला रामल्याच्या लढाईनंतर तो मारला गेला, हेही माहीत आहे. लॅटिन-फ्रेंच येत नाही, त्यामुळे इंग्रजी किंवा मराठीतलंच सुचवा.

त्याच्याकडे सैन्याची कमान होती, की फक्त रसद, पैसा आणि सरदारांच्या बैठकांचा कारभार?